न्यायालय-अवमान : जमीनविषयक आदेश
न्यायालयाचा आदेश हेतुपुरस्सर न पाळणे हा दिवाणी अवमान होय. यासंबंधी भारतात १९२६, १९५२ व १९७१ मध्ये अधिनियम झाले. शेवटच्यानुसार सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होतात. पातूरच्या (जि. अकोला) शेतकऱ्यास जमिनीच्या वादात मिळालेला उच्च न्यायालयाचा आदेश महसूल अधिकाऱ्याने डावलल्यास, एक वर्षाच्या आत नागपूर खंडपीठाकडे दाद मागता येते. अयोध्येतील जमिनीबाबतच्या आदेशभंगाबद्दल सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये माजी मुख्यमंत्री कल्याणसिंह यांना एक दिवसाची, तर वनविषयक आदेशभंगाबद्दल २००६ मध्ये महाराष्ट्राचे माजी वनमंत्री स्वरूपसिंह नाईक यांना एक महिन्याची कैद दिली. तथापि ही कार्यवाही हुकूमनाम्याच्या बजावणीस पर्याय नव्हे. अधिकाऱ्याची क्षमायाचना स्वीकारली गेली, तरी प्रत्यक्ष ताबा मिळेपर्यंत वादीचा न्याय अपुराच राहतो.