हिमेदा, शिन्साकू

(१९१६–१९९७). जपानी छायालेखक. शोहेई इमामुरा यांचे वास्तववादी चित्रपट आणि निक्कात्सु कंपनीची ‘रोमान पोर्नो’ ही प्रौढांसाठीची चित्रपटमाला, या दोन्ही ठिकाणी त्यांनी महत्त्वाचे काम केले. चरित्रलेखात पहिल्या कामाचा गौरव व्हावा आणि दुसरे उरकून टाकावे, असे नेहमी घडते. हिमेदांच्या बाबतीत तो अन्याय ठरतो.

इमामुरांसाठी त्यांनी ‘बुता तो गुनकान’ (१९६१), ‘निप्पोन कोंचुकी’ (१९६३) व ‘आकाई सात्सुई’ (१९६४) हे चित्रपट चित्रित केले. पहिल्या चित्रपटात हॉटेलच्या खोलीतील अत्याचाराचे दृश्य छतावरून दिसते आणि कॅमेरा गरगर फिरू लागतो. १९६६ च्या ‘जिन्रुइगाकु न्यूमोन’चा नायक ओसाकात चोरून अश्लील फिल्म बनवतो. त्याचे घर हिमेदांनी खिडक्यांतून, फटींतून, माशाच्या टाकीच्या काचेतूनही दाखवले. ‘टोरा! टोरा! टोरा!’च्या (१९७०) छायालेखनासाठी त्यांना इतरांसह ऑस्कर नामांकन मिळाले.

आर्थिक डबघाईला आलेल्या निक्कात्सुने नोव्हेंबर १९७१ मध्ये रोमान पोर्नो सुरू केली. साधारण सव्वा तासाचा चित्रपट, तुटपुंजा पैसा, मोजके चित्रीकरण-दिवस आणि ठरावीक अंतराने कामुक दृश्य, एवढ्या अटी पाळल्या की बाकी मोकळीक असे. अनेक कलावंत कंपनी सोडून गेले. पंचावन्न वर्षांचे हिमेदा मात्र दिग्दर्शक तात्सुमी कुमाशिरो यांच्याबरोबर उभे राहिले. ‘इचिजो सायुरी : नुरेता योकुजो’ (१९७२), ‘कोइबितोताची वा नुरेता’ व ‘योजोहान फुसुमा नो उराबारी’ (दोन्ही १९७३) ही या जोडीची ठळक कामे.

‘एइरिन’ या परीक्षण मंडळाच्या नियमांनुसार गुप्तांगे दाखवता येत नसत. त्यामुळे अंथरुणाची घडी, पुढ्यातली वस्तू, अभिनेत्याचा खांदा या सगळ्यांचा हिशेब कॅमेरा लावतानाच करावा लागे. आवाज मागाहून भरला जात असल्याने मायक्रोफोनचा अडथळा नव्हता. हिमेदांनी त्याचा पुरेपूर लाभ घेतला. हातात धरलेला कॅमेरा न थांबता पात्रांमागे जात राहतो. शृंगार, भांडण, जेवण यांत तो भेद करत नाही. ‘कोइबितोताची’मध्ये समुद्रकिनारी नग्न पात्रे एकमेकांच्या पाठीवरून उड्या मारत खेळतात. ते प्रदीर्घ दृश्य कामुकतेपेक्षा उदास वाटते, आणि हे श्रेय निःसंशय छायालेखकाचेही आहे. ‘योजोहान’ची वेश्यागृहातली कोंदट खोली तर प्रकाशाच्या जोरावरच जिवंत होते.

पुढे ते इमामुरांकडे परतले आणि ‘फुकुशू सुरु वा वारे नि आरि’ (१९७९) व ‘एजानाइका’ (१९८१) हे चित्रपट केले. ‘फुकुशू’मध्ये गरम पाण्याच्या कुंडात सून सासऱ्याजवळ येते. त्या दृश्यात कॅमेरा नजर चोरत नाही की लाळही गाळत नाही. कुमाशिरोंबरोबरच्या वर्षांचा सराव नसता, तर ते दृश्य इतके निर्भीड झाले असते असे वाटत नाही.