वऱ्हाडचा बंदिवान : स्वदेशी कीं परदेशी ?

परक्या देशांत शिक्षा झालेल्या बंदिवानास उरलेली शिक्षा भोगण्यासाठीं त्याच्या मायदेशीं पाठवितां यावें, म्हणून भारतीय संसदेनें इ. स. २००३ मध्यें स्वतंत्र कायदा केला. तो वाचतांना पहिला प्रश्न उभा राहतो तो हा कीं, बंदिवानाचा स्वदेश कोणता हें ठरवावयाचें कशावरून ? आज ‘नागरिकत्वावरून’ असें सरळ उत्तर देतां येतें. परंतु अमरावती-अकोल्याकडील बंदिवानापुरतें बोलावयाचें, तर या प्रश्नाचें उत्तर जवळजवळ शंभर वर्षें सरळ नव्हतें. त्या गुंतागुंतीचें थोडक्यांत दिग्दर्शन करणें हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

[१] ता. २१ मे १८५३ च्या तहानें हैदराबाद कंटिन्जंट फौजेच्या खर्चासाठीं निजामानें वऱ्हाड, धाराशिवकडील प्रांत व रायचूर दुआब हे मुलूख इंग्रजांकडे सोपविले. इ. स. १८६० च्या तहानें धाराशिव व रायचूर परत गेले. वऱ्हाड मात्र इंग्रजांच्याच ताब्यांत राहिलें. ‘सोपविलें’ हा शब्द येथें महत्त्वाचा आहे. मुलूख दिला गेला नव्हता. त्याचा कारभार दिला गेला होता. म्हणूनच सरकारी कागदांत या प्रांतास ‘हैदराबाद असाइन्ड डिस्ट्रिक्ट्स’, म्हणजे हैदराबादनें नेमून दिलेले जिल्हे, असें नांव पडलें. ता. ५ नोव्हेंबर १९०२ च्या करारानें सालीना २५ लक्ष रुपयांवर वऱ्हाडचा कायमचा पट्टा इंग्रजांस मिळाला. परंतु त्याच करारांत निजामाचें स्वामित्व पुन्हा मान्य करण्यांत आलें. ता. १ आक्टोबर १९०३ पासून वऱ्हाडचा कारभार हैदराबादच्या रेसिडेंटाकडून निघून मध्यप्रांताच्या चीफ कमिशनराकडे गेला. कारभारी बदलला, धनी बदलला नाहीं.

[२] याचा परिणाम नकाशावर पाहावा. पूर्वेस वर्धा नदी; तिच्या दोन्ही तीरांवर अंमल इंग्रजांचा, पण राजसत्ता दोन निरनिराळ्या. दक्षिणेस बव्हंशीं पैनगंगा. तिच्या दोन्ही तीरांवर राजसत्ता एका निजामाची, पण अंमल दोन निरनिराळे. अमरावतीच्या न्यायाधीशासमोर उभा असलेला आरोपी कायद्याच्या दृष्टीनें ब्रिटिश हिंदुस्थानांत उभा नसे. ब्रिटिश हिंदुस्थानचे कायदे वऱ्हाडांत स्वतःच्या बळानें चालत नसत. गव्हर्नर-जनरल-इन-कौन्सिल ते परराज्यांतील अधिकाराच्या आधारें जाहीर सूचना काढून लागू करीत. म्हणजे निजामाच्या भूमीवर, इंग्रजांच्या न्यायाधीशाकडून, इंग्रजांच्या उसन्या कायद्यानें शिक्षा होई, आणि ती भोगावयाची तीही इंग्रजांच्याच बंदिशाळेंत.

[३] अशा सीमारेषांस कागदावरच काय तें महत्त्व होतें, असें समजणें चूक होईल. ब्रिटिश सरकार व निजाम यांच्यांत गुन्हेगार परस्परांच्या स्वाधीन करण्याचा करार इ. स. १८६७ मध्यें झाला व इ. स. १८८७ मध्यें त्यास पुरवणी जोडली गेली. पुढें या विषयाचा व्यापक कायदा इ. स. १९०३ मध्यें (१९०३ चा १५ वा) झाला. सीमारेषा किती खरी होती याची कसोटी मुहम्मद यूसुफुद्दीन याच्या खटल्यांत लागली. या निजामी प्रजाजनास हैदराबाद राज्यांतील शंकरपल्ली येथील रेल्वे-स्टेशनावर, सिमल्याच्या मॅजिस्ट्रेटाच्या वॉरंटावरून पकडण्यांत आलें होतें. रेल्वेच्या हद्दींतील अधिकार निजामानें इंग्रजांस दिलेला आहे, हा सरकारचा आधार. परंतु प्रिव्ही कौन्सिलनें इ. स. १८९७ मध्यें असा निर्णय दिला कीं, तो अधिकार रेल्वेच्या कारभारापुरताच आहे. लांचलुचपतीच्या आरोपाचा रेल्वेशीं संबंध नाहीं, म्हणून ही अटक बेकायदेशीर होय. याच्या उलट सावरकर-प्रकरणीं घडलें. मार्सेय येथें ता. ८ जुलै १९१० रोजीं सावरकरांस फ्रेंच भूमीवर पकडून इंग्रजांच्या हातीं देण्यांत अनियमितपणा झाला, हें हेगच्या लवादानें इ. स. १९११ मध्यें मान्य केलें. तथापि त्यांस फ्रान्सकडे परत करण्याचें बंधन इंग्लंडवर नाहीं, असा निकाल दिला. दोन्हीकडे प्रश्न, हात कोणाच्या भूमीवर पडला, हाच होता. उत्तरें भिन्न आलीं.

[४] शिक्षा झाल्यानंतरचाही प्रश्न होताच. वऱ्हाडांत शिक्षा झालेला कैदी वर्धा ओलांडून नागपुराकडील बंदिशाळेंत ठेवावयाचा, तर तेथील अधिकाऱ्यानें परमुलखांतील न्यायालयाचें वॉरंट कोणत्या आधारें मानावें ? इ. स. १९०० च्या कैद्यांविषयींच्या कायद्याच्या १५ व्या कलमांत याचें उत्तर सांपडतें. सरकारच्या अधिकारानें ब्रिटिश हिंदुस्थानाबाहेर चालणाऱ्या न्यायालयांच्या शिक्षाही तेथील तुरुंगाधिकाऱ्यांनीं अमलांत आणाव्या, अशी त्यांत तरतूद आहे. अकोल्याच्या कैद्याची गणना, आमच्या मतें, याच वर्गांत करावी लागते.

या सर्व तरतुदींत एक गोष्ट कोठेंच आढळत नाहीं : बंदिवानाची इच्छा. गुन्हेगार परत देण्याचे करार, गुन्हा कोणाच्या हद्दींत झाला, एवढेंच पाहतात. त्याचीं माणसें कोठें आहेत, हें पाहत नाहींत. इ. स. २००३ च्या कायद्याचा पाया नेमका उलट आहे. तेथें ज्या देशाशीं करार झाला आहे त्या देशाच्या बंदिवानानें स्वतः अर्ज करावयाचा असतो. निकाल अंतिम झालेला असावा, दुसरी चौकशी वा खटला चालू नसावा, शिक्षा देहांताची नसावी, अशा अटी आहेत. परदेशांत अडकलेल्या भारतीय बंदिवानासही याच मार्गानें परत येतां येतें.

[५] वऱ्हाडचा पेंच हळूहळू सुटला. ता. २४ आक्टोबर १९३६ च्या करारांतही निजामाचें स्वामित्व शब्दांपुरतें शिल्लक होतें, इ. स. १९४१ च्या वऱ्हाड-कायद्यानें मध्यवर्ती कायदे तेथें एकत्र लागू करण्यांत आले, आणि ता. २६ जानेवारी १९५० पासून, राज्यघटना अमलांत आल्यावर, अमरावतीचा व हैदराबादचा माणूस एकाच देशाचा नागरिक झाला. त्याच वर्षीं कैद्यांस एका राज्यांतून दुसऱ्या राज्यांत हलविण्याचा कायदा झाला. पैनगंगेपलीकडे बंदिवान नेणें ही तेव्हांपासून दोन राज्यसरकारांच्या संमतीची बाब झाली. दोन राजसत्तांची राहिली नाहीं.

संग्राहकांस एक विनंति करून लेख संपवितों. वऱ्हाडांतील जुन्या वकिलांच्या व पाटील-देशमुखांच्या दफ्तरांत समन्स, वॉरंटें व निकालाच्या नकला सांपडल्यास रद्दी म्हणून टाकूं नयेत. त्यांतील मजकुराइतकेंच न्यायालयाचें शीर्षक, शिक्का व अधिकाऱ्याची पदवी यांकडे लक्ष द्यावें. ज्याला आपला गांव सोडून दुसरा देश ठाऊक नव्हता, त्या माणसास कायदा कोणत्या देशाचा मानीत होता, हें त्या चार ओळींवरूनच कळणार आहे.