बोधनविज्ञानाचा इतर क्षेत्रांवरील प्रभाव

माणूस पाहतो कसा, लक्षात काय ठेवतो, भाषा कशी समजून घेतो, निर्णय कसा घेतो, अशा मनोव्यापारांना मिळून 'बोधन' म्हणतात. त्यांचा अभ्यास ते बोधनविज्ञान. ११ सप्टेंबर १९५६ रोजी अमेरिकेतील एमआयटीत एकाच परिषदेत जॉर्ज मिलर, नोम चॉम्स्की, अ‍ॅलन न्यूवेल आणि हर्बर्ट सायमन यांनी निबंध वाचले. मिलर यांनी पुढे हाच दिवस या शाखेचा जन्मदिवस मानला.

व्यवहारातला प्रभाव मात्र त्याआधीच दिसू लागला होता. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेची बी-१७ विमाने सुखरूप उतरल्यावर वैमानिक चुकून चाकेच आत घेत आणि विमान पोटावर बसे. दोष वैमानिकांच्या माथी मारला जाई. मानसशास्त्रज्ञ अल्फॉन्स चॅपॅनिस यांनी वैमानिकाच्या हाताशी काय आहे ते पाहिले. चाकांची आणि पंखांवरील झडपांची कळ शेजारीशेजारी होती आणि दोन्ही दिसायला सारख्याच. त्यांनी चाकांच्या कळीवर छोटे रबरी चाक आणि झडपांच्या कळीवर पाचरीसारखा तुकडा बसवला. न पाहताही फरक हाताला कळू लागला. आजही विमानात चाकांच्या दांड्याची मूठ चाकाच्या आकाराची असते. चूक माणसाची की मांडणीची, हा प्रश्न आधी विचारायला शिकवणे, ही या शास्त्राची सर्वांत मोठी देणगी होय.

न्यायदानात हा प्रश्न अधिक गंभीर ठरतो. १९७४ मध्ये एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी विद्यार्थ्यांना मोटार अपघाताच्या चित्रफिती दाखवून वेग विचारला. गाड्या 'जोरात आदळल्या तेव्हा' असे विचारल्यावर सरासरी उत्तर ताशी ४०.५ मैल आले, तर 'एकमेकींना लागल्या तेव्हा' असे विचारल्यावर ३१.८. दुसऱ्या प्रयोगात 'आदळल्या' ऐकलेल्या ५० पैकी १६ जणांनी आठवड्याने फुटलेली काचही पाहिल्याचे सांगितले. चित्रफितीत काच फुटलेलीच नव्हती. प्रामाणिक साक्षीदाराची आठवणही प्रश्नाच्या शब्दांनी बदलते, हे यातून पुढे आले.

माणूस निर्णय कसा घेतो, याच्या अभ्यासासाठी अर्थशास्त्रात सायमन (१९७८) आणि डॅनिएल कानमन (२००२) यांना नोबेल मिळाले. कानमन मूळचे मानसशास्त्रज्ञ. कृत्रिम बुद्धिमत्तेतील जेफ्री हिंटन यांचे पदवीशिक्षणही प्रायोगिक मानसशास्त्राचे.

शिक्षणातले उदाहरण महाराष्ट्राच्या ओळखीचे आहे. 'सत्तावीस' म्हणताना सात आधी येतो, लिहिताना दोन. जर्मन भाषेतही एकक आधी उच्चारतात आणि जर्मनभाषक मुलांच्या लेखनात अंकांची अदलाबदल अभ्यासकांना आढळली आहे. २०१९ मध्ये बालभारतीने दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'वीस सात' असे वाचन आणले. गणितज्ञ मंगला नारळीकर यांनी मुलांची अडचण मांडून त्याचे समर्थन केले. प्रकरण विधिमंडळापर्यंत गेले, पण वादाचा रोख मराठीच्या अस्मितेवर राहिला आणि मुलाच्या स्मरणावर पडणाऱ्या ताणाचा मूळ मुद्दा मागे पडला.