विस्तवासाठी दोन शब्द

आओ नागा लोकांत एक गोष्ट सांगतात. पूर्वी त्यांच्याकडेही लिपी होती. ती एका कातड्यावर लिहिलेली होती आणि ते कातडे भिंतीला टांगून ठेवलेले असे. एके दिवशी कुत्र्याने ते खाली ओढले आणि खाऊन टाकले. तेव्हापासून लिहिणे संपले आणि सारे काही तोंडपाठ ठेवण्याची पाळी आली. थोड्याफार फरकाने ही गोष्ट आसपासच्या इतर जमातींतही ऐकायला मिळते. लिपी हरवल्याची कथा सांगणाऱ्यांना लिपी म्हणजे काय हे ठाऊक असते, हे लक्षात घेतले पाहिजे. डोंगराखाली आसामात अहोम राजांच्या दरबारी बुरंजी, म्हणजे बखरी, लिहिल्या जात होत्या, आणि डोंगरावरचे मीठ घेऊन नागा खाली उतरत होते. लिहिणारी माणसे त्यांनी पाहिली होती.

नागालँड राज्याचे क्षेत्रफळ १६,५७९ चौरस किलोमीटर आहे. आपल्या अहिल्यानगर (पूर्वीचा अहमदनगर) जिल्ह्यापेक्षाही थोडे कमीच. २०११ च्या जनगणनेत तेथील लोकसंख्या १९ लाख ७८ हजार होती. एवढ्याशा जागेत आओ, अंगामी, सुमी, लोथा, कोन्याक, फोम, चांग, रेंगमा, संगतम, यिमखिउंग, खियामनिउंगन, चोक्री, खेझा, पोचुरी अशा भाषा नांदतात. त्यांतल्या कित्येक एकमेकींना समजत नाहीत. यात मणिपूरमधील तांगखुल, माओ, मराम, अरुणाचलमधील नोक्ते, वांचो, तांग्सा, आणि म्यानमारच्या हद्दीतील नागांच्या भाषा अजून धरलेल्या नाहीत. सगळ्यात मोठी आओ. तीही २०११ मध्ये सुमारे २ लाख ६० हजार लोकांची मातृभाषा होती.

मग 'नागा भाषा' म्हणजे नेमके काय? शाळेत आपण 'नागा' ही एक जमात आणि 'नागा' ही तिची भाषा, असे सहज सांगून मोकळे होतो. दोन्ही विधाने चुकीची आहेत, पण ती ज्या तऱ्हेने चुकीची आहेत ती पाहण्यासारखी आहे.

आठांहून अधिक मुलूख

'नागा' हे नाव मैदानातल्या लोकांनी दिलेले. डोंगरावरचा माणूस स्वतःला आपल्या गावाच्या आणि कुळाच्या नावाने ओळखत असे. गावे डोंगराच्या धारेवर वसलेली, तटबंदीची आणि स्वतःपुरती स्वतंत्र. शेजारच्या गावाशी वैर असले तर मुंडकी उतरवण्यापर्यंत मजल जाई. पण म्हणून गावे एकमेकांपासून तुटलेली होती असे मात्र नाही. व्यापार होता, सोयरीक होती, तह होते. डोंगर आडवे आले म्हणून भाषा वेगळ्या झाल्या, हे नेहमीचे स्पष्टीकरण आम्हाला अपुरे वाटते. डोंगर सह्याद्रीतही आहेत. येथे कोणत्याही एका राजाची किंवा दरबाराची बोली सर्वांवर पसरली नाही, आणि आपण शेजाऱ्यांहून वेगळे आहोत हे बोलण्यातून दाखवण्याची प्रत्येक गावाला गरज होती, हे कारण आम्हाला अधिक वजनाचे वाटते.

पहिल्या महायुद्धात, १९१७ साली, सुमारे दोन हजार नागा मजूर फ्रान्सला नेले गेले. वेगवेगळ्या जमातींची माणसे एका तळावर राहिली आणि परक्यांच्या नजरेत आपण सारे एकच आहोत हे त्यांना दिसले. पुढल्याच वर्षी, १९१८ मध्ये, कोहिमा येथे नागा क्लब स्थापन झाला. १० जानेवारी १९२९ रोजी या क्लबने सायमन कमिशनला एक निवेदन दिले. त्यावर वीस जणांच्या सह्या आहेत. आम्हाला आमच्या पूर्वीच्या स्थितीत स्वतंत्र राहू द्या, ही त्यातली मागणी पुष्कळांना माहीत असते. पण त्याच निवेदनात आणखी एक गोष्ट मोकळेपणाने सांगितली आहे. ब्रिटिश अमलाखालच्या आपल्या प्रदेशात एकमेकांहून भिन्न असे आठांहून अधिक मुलूख आहेत, त्यांच्या भाषा परस्परांना कळत नाहीत, त्यापलीकडेही अज्ञात मुलूख आहेत, आणि आपल्यात एकी नाही, असे सह्या करणारे स्वतःच म्हणतात.

राजकीय निवेदनात असा कबुलीजबाब सहसा आढळत नाही. 'आम्ही एक आहोत, कारण आमची भाषा एक' हा युक्तिवाद त्या काळी जगभर चालत होता. नागांना तो करता येण्यासारखा नव्हता आणि त्यांनी तो केलाही नाही.

'मी' आणि 'वान'

या भाषांची पहिली मोठी मांडणी जॉर्ज ग्रियर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणात झाली. तिसऱ्या खंडाचा दुसरा भाग १९०३ साली निघाला. त्यात बोडो, नागा आणि काचिन या गटांच्या भाषा आहेत. ग्रियर्सन यांनी नागा भाषांचे पश्चिम, मध्य आणि पूर्व असे उपगट केले, आणि शेजारच्या गटांकडे झुकणाऱ्या भाषांसाठी नागा-बोडो, नागा-कुकी असे मधले कप्पे ठेवले. मधले कप्पे काढावे लागले, यावरूनच मांडणी घट्ट बसत नव्हती हे दिसते. सर्वेक्षणाची सामग्री मुख्यतः सरकारी अधिकारी आणि मिशनरी यांच्याकडून यायची. अंमल जेथे पोचला नव्हता त्या पूर्वेकडच्या डोंगरांतून काय आणि किती येणार?

भाषाशास्त्र हे आमचे क्षेत्र नव्हे. पण वर्गीकरणात होणारी एक चूक प्रत्येक विज्ञान शिक्षकाच्या परिचयाची आहे. डॉल्फिन पाण्यात राहतो, त्याला पर असतात, म्हणून मुले त्याला माशांत घालतात. राहण्याची जागा सारखी म्हणून नातेही जवळचे, असे मानले जाते. नागा भाषांचे काहीसे असेच झाले.

वर्गात करून पाहण्याजोगा एक छोटा पडताळा देतो. विस्तवाला आओ भाषेत 'मी' म्हणतात. अंगामीतही 'मी'. सुमीत 'आमी'. आता जरा दूर जाऊ. ब्रह्मी भाषेत 'मी', तिबेटीत 'मे'. हे सारे एकाच जुन्या शब्दाचे वंशज आहेत. आता आओंच्या लगतच्या कोन्याक लोकांना विचारू. त्यांचा विस्तव 'वान'. अरुणाचलच्या नोक्ते भाषेतही 'वान'च. आणि 'वान'चे नातेवाईक शोधायला गेलो तर ते आओ किंवा अंगामी प्रदेशात भेटत नाहीत. ते पूर्वेला काचिन डोंगरातल्या जिंगफो भाषेत 'वान' म्हणून आणि पश्चिमेला थेट मेघालयात, गारो भाषेत, 'वाल' म्हणून भेटतात.

एका शब्दावर नाते ठरवू नये, हे खरेच. शब्द उसना घेता येतो. म्हणून असे शेकडो शब्द तपासून त्यांतल्या ध्वनींचे फरक नियमित आहेत का ते पाहावे लागते. गारो लोकांत राहून त्यांच्या भाषेचा अभ्यास केलेले अमेरिकन अभ्यासक रॉबिन्स बर्लिंग यांनी १९८३ मध्ये हे काम मांडले. बोडो-गारो भाषा, जिंगफो आणि उत्तरेकडच्या नागा भाषा (कोन्याक, फोम, चांग, नोक्ते, वांचो, तांग्सा) यांची एक शाखा होते, असे त्यांनी दाखवले. या शाखेत सूर्याला गारोत 'साल', बोडोत 'सान', जिंगफोत 'जान' म्हणतात, तर तिबेटीत 'न्यिमा' आणि ब्रह्मीत 'ने'. 'साल' या शब्दावरूनच बर्लिंग यांनी शाखेचे नाव ठेवले.

म्हणजे कोन्याक आणि आओ एकमेकांचे सख्खे शेजारी. दोघांकडे मोरुंग, म्हणजे तरुणांची सामायिक घरे. दोघांकडे अखंड झाडाच्या खोडाचे नगारे. दोघांत मुंडकी उतरवण्याची जुनी चाल. पण भाषेच्या वंशावळीत कोन्याक माणूस गारोच्या जवळचा. दोन्ही भाषा तिबेटो-बर्मी कुळातल्याच, फांद्या मात्र वेगळ्या. भाषा एकीकडून आली आणि जीवनरीत शेजारातून घडली. आज बहुतेक अभ्यासक 'नागा' हा शब्द भाषाकुळाचे नाव म्हणून वापरायला कचरतात. लोकसमूहाचे नाव म्हणून तो पूर्णपणे खरा आहे, कारण तो इतिहासाने घडवला आहे.

आओ लोकांच्या उत्पत्तिकथेत पहिले पूर्वज चुंगलियिम्ती येथील सहा दगडांतून बाहेर आले. त्या जागेचे नाव लोंगत्रोक. 'लोंग' म्हणजे दगड, 'त्रोक' म्हणजे सहा. तिबेटी भाषेत सहाला 'द्रुक' म्हणतात.

पाद्री जेथे उतरला

आता थोडे लिहिण्याविषयी. अमेरिकन बाप्टिस्ट मिशनचे एडवर्ड क्लार्क छपाईच्या कामासाठी आसामात शिवसागरला आले होते. त्यांच्याआधी गोधुला नावाचा आसामी धर्मप्रचारक आओ डोंगरात जाऊन आला होता. १८७२ मध्ये क्लार्क मोलुंगकिमोंग या गावी गेले आणि १८७६ पासून डोंगरातच राहू लागले. या गावात आओ भाषेची चुंगली ही बोली चालत असे. क्लार्क चुंगली शिकले, त्यांच्या पत्नी मेरी यांचे आओ व्याकरण १८९३ मध्ये आणि त्यांचा स्वतःचा शब्दकोश १९११ मध्ये प्रसिद्ध झाला. पुस्तके, प्रार्थना, शाळा, बायबल, सारे चुंगलीत आले.

पण आओंची दुसरी मोठी बोली मोंगसेन. ती चुंगलीहून इतकी निराळी की दुसरीच्या बोलणाऱ्याला शिकावी लागते. काही गावांत तर दोन्ही बोलणारे शेजारी शेजारी राहतात. आजही मोंगसेन बोलणारे बहुतेक लोक चुंगली जाणतात. उलट फारसे घडत नाही. मोंगसेन घरातल्या मुलाला देवळात आणि शाळेत 'आपली भाषा' म्हणून जी मिळाली ती त्याच्या आईची नव्हती. मोंगसेनचे सविस्तर व्याकरण अलेक्झांडर कूप यांनी लिहिले ते २००७ मध्ये. मेरी क्लार्क यांच्या व्याकरणानंतर एकशे चौदा वर्षांनी.

तांगखुलांचीही हीच गोष्ट. त्यांच्यात बोली गावागणिक बदलते. विल्यम पेटिग्रू १८९६ मध्ये उखरुलला उतरले, आणि उखरुलची बोली तांगखुलांची लिखित भाषा झाली. यात त्या बोलीचा गुण काही नाही. आपल्याकडेही मराठीची छापील व्याकरणे आणि कोश घडवण्यात कॅरे आणि मोल्सवर्थ यांचा हात होता, आणि पुण्याच्या आसपासचे बोलणे 'प्रमाण' ठरले ते ते बोलणे गोड म्हणून नव्हे.

कुत्र्याने खाल्लेली लिपी अशी रोमन अक्षरांत परत आली, पण अपुरी. या भाषांत स्वराची उंची बदलली की शब्दाचा अर्थ बदलतो. खोनोमा गावच्या अंगामीत अशा चार उंची आहेत. या बोलीच्या ध्वनींचा अभ्यास १९९३ मध्ये प्रसिद्ध झाला. पीटर लॅडफोगिड यांच्याबरोबर त्यात पुण्याच्या डेक्कन कॉलेजशी संबंधित पेरी भास्करराव होते. खोनोमात 'म' आणि 'न' यांचे अघोष उच्चारही आहेत: ओठ मिटून 'म'ची तयारी करायची, पण घशातून आवाज न काढता नाकावाटे श्वास सोडायचा. विद्यार्थ्यांना करून पाहायला सांगावे, वर्ग हसतो पण शिकतो. रूढ रोमन लेखनात स्वरांच्या उंचीची खूण नसते. वाचणाऱ्याने ती संदर्भावरून भरून घ्यायची.

अंगामींनी मात्र हे काम लवकर आपल्या हाती घेतले. १९३९ साली सुरू झालेली अंगामी साहित्य समिती पुढे उरा अकॅडमी झाली. कोहिमाच्या बोलीवर आधारलेली त्यांची लिखित भाषा, तेन्यिदिए, आज नागालँड विद्यापीठात पदव्युत्तर वर्गापर्यंत शिकवली जाते.

बाजारातली भाषा

आओ आणि अंगामी भेटले तर बोलतात कशात? 'आपुनि लागा नाम कि आसे?' हे वाक्य मराठी माणसाला शिकवावे लागणार नाही. 'लागा' म्हणजे 'चा-ची-चे' एवढे सांगितले की झाले. ही नागामीज. मीठ, कापूस आणि मिरची घेऊन उतरणारे नागा आणि मैदानातले आसामी यांच्या देवघेवीतून ती घडली. नागा डोंगरात बोलली जाणारी आसामी नागा बोलण्याच्या धाटणीला चांगली जुळते, अशी नोंद जे. एच. हटन या अधिकाऱ्याने १९२१ मध्येच केली होती. म्हैसूरच्या भारतीय भाषा संस्थेतले एम. व्ही. श्रीधर यांनी १९७४ मध्ये तिचा सामाजिक अभ्यास आणि १९८५ मध्ये व्याकरण प्रसिद्ध केले.

बाजारात, बसमध्ये, शाळेच्या मधल्या सुट्टीत, आकाशवाणी कोहिमावरही नागामीज ऐकू येते. तरी तिला मान नाही. ती कोणाची नाही म्हणून सर्वांना चालते, आणि कोणाची नाही म्हणूनच कोणी तिची बाजू घेत नाही. १९६३ मध्ये राज्य झाले. १९६७ मध्ये विधानसभेने इंग्रजी ही राजभाषा ठरवली. सगळ्यांपासून सारखीच दूर असलेली भाषा निवडली गेली. त्या वेळच्या परिस्थितीत दुसरा तोडगा आम्हाला सुचत नाही, पण त्याची किंमत पहिलीतल्या मुलाने भरली, हेही दिसते.

नावांचीही घडण चालूच आहे. इंग्रजी दप्तरातले 'सेमा' आता 'सुमी' झाले, 'काल्यो-केंग्यू' 'खियामनिउंगन' झाले. झेमे, लियांगमाई आणि रोंगमेई यांनी आपापल्या नावांतली अक्षरे जोडून 'झेलियांगरोंग' हे नाव घेतले. चोक्री, खेझा आणि संगतम यांच्यातून 'चाखेसांग' बनले. नाव एक झाले, भाषा मात्र ज्याची त्याच्याकडेच राहिली. २०११ च्या जनगणनेच्या तक्त्यात चोक्री ही एक भाषा आहे, खेझा एक, संगतम एक. त्याच तक्त्यात आणखी एका ओळीत चाखेसांग हीदेखील एक भाषा म्हणून मोजलेली आहे.