अरण्याचा स्वीडिश चित्रपटकार

स्मरणिकेत आपण बहुधा ज्ञातीतील कर्त्या पुरुषांची चरित्रे देतो. यंदा आम्ही एका परदेशी गृहस्थाची हकीकत देत आहोत. परंतु त्यांची कर्मभूमी काही काळ आपल्या शेजारचे बस्तर होते, म्हणून ज्ञातिबंधुभगिनींनी ती गोड मानून घ्यावी.

आर्ने सुक्सडॉर्फ यांचा जन्म १९१७ साली स्टॉकहोम येथे झाला. अनुबोधपटांचे लेखन, छायालेखन, संकलन व पुष्कळदा निर्मितीही ते स्वतःच करीत. स्टॉकहोम नगरीवरील त्यांच्या लघुपटास १९४९ साली ऑस्कर पारितोषिक मिळाले. स्वीडनच्या चित्रपटास मिळालेले ते पहिलेच.

आपल्या गोंडपिपरीहून वैनगंगा ओलांडून आष्टी, आलापल्ली, भामरागड असे गेले की पुढे अबुझमाडचे डोंगर लागतात. त्यांच्या पलीकडे नारायणपूर. त्याजवळील गढबेंगाल या मुरिया गावी सुक्सडॉर्फ यांनी आपला रंगीत चित्रपट घेतला. तो १९५७ साली प्रदर्शित झाला. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत चांदा व बस्तर हे दोन्ही जिल्हे एकाच मध्यप्रदेश राज्यात होते व राजधानी नागपूर होती, हे तरुण वाचकांस मुद्दाम सांगावे लागते.

चित्रपटास संगीत पंडित रविशंकरांचे. नट म्हणजे गावकरीच. गावास छळणारा बिबट्या, आणि वाघाशी सलगी करणारा चेंद्रू नावाचा मुलगा! कथा रचलेली असल्यामुळे यास निखळ अनुबोधपट म्हणू नये, असे आमचे मत आहे. तथापि त्या माणसांचे चालणे, बसणे, धनुष्य धरणे कोणास रचता येत नाही.

पुढे चेंद्रूस स्वीडनला नेण्यात आले. सुक्सडॉर्फ यांच्या पत्नी आस्ट्रिड यांचे त्याच्यावरील सचित्र पुस्तक १९५९ साली निघाले व इतर भाषांतही गेले. नंतर मुलगा गावी परतला. परतलेल्या मुलाने गावात काय करावे, याचा विचार नेणाऱ्यांनी केलेला दिसत नाही. शिक्षणासाठी मुले दूर धाडणाऱ्या आपल्या ज्ञातीस हा प्रश्न परका नाही.

सुक्सडॉर्फ ब्राझीलला गेले. १९६२ साली रिओ येथे त्यांनी तरुणांस चित्रपटकला शिकविली आणि १९६५ साली तेथील निराधार मुलांवर चित्रपट काढला. २००१ साली ते निवर्तले. चेंद्रू गढबेंगालमध्येच दारिद्र्यात राहिला व सप्टेंबर २०१३ मध्ये वारला.