रामीगणीचे रूपांतर : बेर्नहार्ट ग्योट्स्के आणि जर्मन साहसपट

चित्रपटाच्या इतिहासात दिग्दर्शक व नायक यांचा विचार सविस्तर होतो. दुय्यम नट बहुधा पात्रसूचीतच राहतो. परंतु जर्मन साहसपटांची घडण पाहता हा क्रम अपुरा ठरतो. डान्झिग येथे १८८४ साली जन्मलेले बेर्नहार्ट ग्योट्स्के यांची कारकीर्द या दृष्टीने उद्बोधक आहे.

१९२१ साली त्यांच्या दोन महत्त्वाच्या भूमिका पडद्यावर आल्या. फ्रिट्झ लांग यांच्या ‘डेर म्यूडे टोड’मध्ये त्यांनी साक्षात मृत्यू साकारला. त्यातील बगदादच्या कथेत हाच मृत्यू ‘एल मोट’ नावाचा माळी होतो. मराठीतील ‘मौत’ हा शब्द त्याच अरबी मूळचा. योए माय यांच्या द्विखंडी ‘दास इंडिशे ग्राबमाल’मध्ये ते योगी रामीगणी झाले. जमिनीत पुरलेल्या या योग्याला महाराजा बाहेर काढतो व त्या उपकाराने बद्ध झालेला योगी युरोपातील वास्तुविशारदाला घेऊन येतो. महाराजाची भूमिका कोनराड फाइट यांची; परंतु कथेला गती मिळते ती योग्यामुळेच. उंच, कृश देह आणि निश्चल मुद्रा एवढ्या सामग्रीवर ग्योट्स्के यांनी अलौकिकास विश्वसनीयता दिली. नायक धावतो, झुंजतो. त्याच्या धावपळीला अर्थ येतो तो समोरच्या या स्थैर्यामुळे.

‘डॉक्टर माबुझ’मध्ये (१९२२) सरकारी वकील फॉन वेंक म्हणून त्यांनी उलट बाजू सांभाळली; येथे संमोहनाशी झगडणारे तेच होते. ‘निबेलुंगेन’मधील फोल्कर (१९२४) आणि हिचकॉक यांच्या आज लुप्त असलेल्या ‘द माउंटन ईगल’मधील (१९२६) भूमिका त्यानंतरच्या. बोलपट आल्यावर मात्र मौनाचे मोल उतरले व भूमिका लहान होत गेल्या. १९६४ साली बर्लिन येथे त्यांचे निधन झाले.

रामीगणी हे नाव मात्र टिकले. १९३८ व १९५९ च्या पुनर्निर्मितींत ते सिंहासनासाठी कारस्थान रचणाऱ्या राजपुत्राला मिळाले. १९२१ चा भारत बर्लिनजवळच्या वोल्टर्सडॉर्फ येथे उभारलेला होता. पुढील दोन्ही चित्रपटांचे काही चित्रण प्रत्यक्ष भारतात झाले. म्हणजे स्थळ खरे झाले, तेव्हा योगी लोपला व कारस्थानी उरला. पहिली प्रतिमाही कल्पितच होती, यात संशय नाही. तथापि तिला अंगभूत गांभीर्य होते आणि ते देशाच्या ज्ञानातून नव्हे, तर एका दुय्यम नटाच्या संयमातून आलेले होते. परदेशी चित्रपटांतील भारताचा अभ्यास करताना केवळ स्थळ व कथानक तपासून भागणार नाही. पात्रसूचीच्या खालच्या ओळीही वाचाव्या लागतील.