पेल्याच्या तळाशी बसलेली साखर

उन्हाळ्यात कॅफेच्या टेबलावर फळांच्या थंड चहाचा उंच पेला येतो. तळाशी आंब्याचा किंवा पीचचा दाट गर, त्यावर गच्च भरलेला बर्फ आणि बर्फाच्या फटींतून उतरलेला तांबूस कोरा चहा. गर आणि चहा जिथे भेटतात तिथे बोटभर उंचीच्या पट्ट्यात केशरी रंग तपकिरीत विरत जातो. ही सगळी फोटोची हौस आहे, मोबाइलच्या कॅमेऱ्याने हे पेय जन्माला घातलं, असं अनेकांना वाटतं. कॅफेवाले ज्या कौतुकाने तो पेला उजेडात धरतात ते पाहता हा समज अगदीच निराधार म्हणता येत नाही. पण या पेयाची कुळकथा उलगडत मागे गेलं तर थर ही सजावट ठरत नाही. थंड चहाच्या अंगातच असलेली ती एक अडचण आहे. पूर्वीच्या लोकांना ती खटकत होती, आताच्यांनी तिचं भांडवल केलं. थर चहावर मागाहून चढलेले नाहीत. बर्फावर चहा ओतला जाऊ लागला तेव्हापासून ते पेल्यात आहेत.

हे पटायला आधी एक लाडकी गोष्ट बाजूला सारावी लागते. १९०४ साली अमेरिकेत सेंट लुइस इथे जागतिक प्रदर्शन भरलं होतं. भारतीय चहाचा प्रचार करायला रिचर्ड ब्लेचिंडेन नावाचे गृहस्थ तिथे होते. उकाडा असा की गरम चहाला कुणी हात लावेना. तेव्हा त्यांनी वैतागून चहात बर्फ घातला, लोकांची झुंबड उडाली आणि 'आइस टी' जन्मला, अशी ती कथा. आपल्याला ती विशेष गोड लागते, कारण तिच्यात भारताचा चहा आहे. ब्लेचिंडेन खरे, प्रदर्शन खरं, प्रचारही खरा. आदल्याच वर्षी, १९०३ मध्ये, भारतात चहाच्या निर्यातीवर उपकर बसवणारा कायदा झाला होता आणि त्या पैशातून परदेशात भारतीय चहाची जाहिरात होत होती. खोटा आहे तो फक्त 'जन्म'.

पुरावा स्वयंपाकाच्या पुस्तकांत आहे. मॅरियन कॅबेल टायरी यांच्या 'हाउसकीपिंग इन ओल्ड व्हर्जिनिया' या पुस्तकाच्या १८७९ च्या आवृत्तीत थंड चहाची कृती सविस्तर दिलेली आहे. बॉस्टनच्या मेरी लिंकन यांनी १८८४ मध्ये तशीच कृती छापली. त्यात पेल्यात साखरेच्या दोन वड्या, अर्ध्यापर्यंत फोडलेला बर्फ, लिंबाची चकती आणि वरून गार चहा. सप्टेंबर १८९० मध्ये मिझूरी राज्यातल्या नेव्हाडा या गावी यादवी युद्धातल्या दक्षिणेकडच्या माजी सैनिकांचा मेळावा भरला. सुमारे १५,००० माणसं जेवली आणि स्थानिक वृत्तपत्राने खर्चाची यादीच छापली. तीत २,२२० गॅलन कॉफीच्या जोडीला ८८० गॅलन, म्हणजे ३,३०० लिटरच्या आसपास, थंड चहा आहे. सेंट लुइस याच मिझूरीतलं शहर. ज्या राज्यात १४ वर्षं आधी पंगतीला थंड चहा वाढला जात होता, तिथल्या प्रदर्शनात त्याचा शोध लागणं अवघडच. यावर कुणी म्हणेल की तुरळक घरांत होणारी गोष्ट आणि देशभर पसरलेलं पेय यांत फरक आहे, आणि प्रसाराचं श्रेय तरी ब्लेचिंडेन यांना द्या. त्यातला काही भाग त्यांना जरूर द्यावा. टायरीबाईंच्या कृतीत हिरवा चहा आहे. अमेरिकेत तेव्हा चीन-जपानच्या हिरव्या चहाला मोठी मागणी होती. बर्फात भारतीय काळा चहाही उत्तम लागतो हे पटवून देण्यात ब्लेचिंडेन यांचा वाटा असेल. आजच्या पेल्यात वर जो तांबूस रंग दिसतो तो काळ्या चहाचा, एवढ्यापुरतं या वंशावळीत त्यांचं नाव लिहायला हरकत नाही. मूळपुरुष म्हणून मात्र नाही.

आता टायरीबाईंची कृती जरा जवळून पाहू, कारण माझा सगळा मुद्दा तिच्या क्रमावर उभा आहे. चहादाणी गरम पाण्याने विसळून घ्यायची. तिच्यात साधारण लिटरभर उकळतं पाणी आणि हिरव्या चहाचे दोन चमचे. संध्याकाळी हवा असेल तर हे सकाळी न्याहारीच्या वेळीच उरकायचं. दुपारी न ढवळता गाळून घ्यायचं, मग गाळ तळाशी ठेवून वरचा निवळ चहा काढायचा. प्यायच्या वेळी पेले बर्फाने भरायचे, प्रत्येकात दोन चमचे साखर टाकायची आणि साखर-बर्फावर चहा ओतायचा. वरून लिंबू पिळायचं. साखर आधी, चहा मागून. उकळत्या चहात साखर घालून ठेवायची, हे टायरीबाई सांगत नाहीत आणि लिंकनबाईही सांगत नाहीत. त्यामुळे त्यांच्या प्रत्येक पेल्यात तळाशी गोड दाट द्रव आणि वर जवळजवळ अगोड चहा, असे दोन थर होणं अटळ होतं. ते डोळ्यांना दिसत नव्हते एवढंच, कारण साखरेला रंग नसतो.

थंड पाण्यात साखर विरघळत नाही असं आपण सहज म्हणतो, पण ते काटेकोर खरं नाही. गोठणबिंदूच्या पाण्यातही शंभर ग्रॅमला पावणेदोनशे ग्रॅमच्या वर साखर मावते. पेल्यातल्या दोन चमच्यांना तिथे जागेची ददात नाही. अडचण वेगाची आहे. गारव्यात साखर हळू विरघळते आणि विरघळली तरी जागची हलत नाही. शंभरात दहा भाग साखर असलेलं पाणी साध्या पाण्यापेक्षा सुमारे चार टक्के जड असतं. तिशीच्या तापमानाचं पाणी आणि पाच अंशांचं पाणी यांच्या वजनात मात्र अर्ध्या टक्क्याचाही फरक नसतो. म्हणजे गारवा-उष्णतेमुळे पेल्यात जी काही वर-खाली हालचाल होईल, तिच्या कितीतरी पट वजन तळाच्या गोड थराला धरून ठेवतं. गरम कपात पृष्ठभाग निवतो, निवलेलं पाणी खाली जातं, आणि कप थोडाफार स्वतःच घुसळला जातो. बर्फाच्या पेल्यात आधीच सगळं गार. त्यात वितळणाऱ्या बर्फाचं अगोड पाणी वरच राहतं. थर टिकण्याची यापेक्षा चांगली सोय मुद्दाम करायची म्हटली तरी करता येणार नाही.

लोकांनी यावर दोन तोडगे काढले आणि दोन्हींच्या खुणा आजही शिल्लक आहेत. एक म्हणजे अमेरिकेत चांदीच्या काट्या-चमच्यांच्या संचात आलेला लांब दांड्याचा खास 'आइस टी' चमचा. उंच पेल्याचा तळ गाठणं एवढंच त्याचं काम. दुसरा तोडगा अमेरिकेच्या दक्षिण भागात रुळला. चहा गरम असतानाच त्यात भरपूर साखर विरघळवायची आणि मग तो गार करायचा. तिथे 'स्वीट टी' म्हणतात तो हाच. त्यात थर नाहीत, आणि पिणाऱ्याला गोडी कमी-जास्त करण्याची मुभाही नाही. फळांचा थरांचा चहा या दोन्ही वाटांनी गेला नाही. त्याने साखरेच्या जागी रंगीत, दाट आणि गोड असं काहीतरी ठेवलं आणि तळाचा थर दिसू दिला.

बर्फाशिवाय यातलं काही घडलं नसतं, म्हणून त्याचीही कथा थोडक्यात पाहायला हवी. बॉस्टनच्या फ्रेडरिक ट्यूडर याने १८०६ मध्ये तळ्यांवरचा बर्फ कापून कॅरिबियनमधल्या मार्टिनिक बेटावर पाठवला आणि लोकांचं हसं ओढवून घेतलं. १८३३ मध्ये त्याच्या 'टस्कनी' जहाजाने १८० टन बर्फ घेऊन बॉस्टन सोडलं आणि चार महिन्यांनी कलकत्ता गाठलं, तेव्हा त्यातला सुमारे १०० टन शाबूत होता. लवकरच तो मुंबईतही उतरू लागला. जमशेटजी जीजीभाईंच्या मेजवानीत आइस्क्रीम वाढलं गेलं आणि यजमान-पाहुण्यांना सर्दी झाली, हा किस्सा मुंबईच्या इतिहासात कायमचा बसला आहे. इथे एक आक्षेप रास्तपणे येतो. बर्फ हेच कारण असेल, तर थंड चहा मुंबईत का जन्मला नाही? आसामचा चहा १८३९ पासून लंडनच्या लिलावात जात होता, बर्फ बंदरावर उतरत होता, आणि उकाड्यात मुंबई व्हर्जिनियाला हार जाणारी नाही. उत्तर असं की दोन्ही वस्तू एका शहरात असून भागत नाही, त्या एका ओट्यावर याव्या लागतात. मुंबईचा बर्फ साहेबांच्या, धनिकांच्या आणि डॉक्टरांच्या वाट्याचा होता. चहाही तेव्हा मराठी घरांत शिरलेला नव्हता. तो घरोघरी गेला विसाव्या शतकात, चहावाल्यांच्या प्रचाराने, आणि गेला तो दूध-साखर घालून उकळलेला. अमेरिकेत १८७० च्या आसपास मध्यमवर्गीय घरात बर्फाची पेटी होती आणि डब्यात चहाही.

फळांची बाजू मद्यातून आली. लेटिस ब्रायन यांच्या १८३९ च्या 'केंटकी हाउसवाइफ'मध्ये चहाच्या पंचची कृती आहे: कडक चहा, भरपूर साखर, साय आणि वर क्लॅरेट किंवा शँपेनची बाटली, गरम प्या किंवा अगदी गार. चहा, गोडी आणि फळांचा आंबटपणा एकत्र आणण्याची सवय अशा पंचांनी लावली. दारू गळून पडली तेव्हा लिंबू आणि चहा उरले. आता सर्वांत वजनदार आक्षेप. थर रचण्याची कला चहाची नाहीच, ती मद्यालयांची आहे, असं कुणी म्हणेल. 'पूस काफे' नावाच्या पेयात एकोणिसाव्या शतकातले बारवाले रंगीत लिकर एकावर एक चढवत होते, तेच आज चहात उतरलं. हात तिथला आहे, हे कबूल. चमच्याच्या पाठीवरून धार सोडायची युक्ती बारमधूनच आली. पण पूस काफेत प्रत्येक थर मुद्दाम निवडावा लागतो, आणि हात चुकला की सगळं मिसळतं. थंड चहात मिसळायलाच हात लागतो. चहाच्या बाबतीत हे सगळीकडे दिसतं. बांगलादेशात श्रीमंगल इथे मिळणारा सात थरांचा चहा गरम असतो. त्यात बर्फ नाही, बारवालाही नाही, प्रत्येक थरातलं साखरेचं प्रमाण मात्र वेगळं असतं. मलेशियाच्या सारावाकमध्ये तळाशी ताडगुळाचा पाक, मध्ये आटवलेलं दूध, वर काळा चहा आणि बर्फ असा तीन थरांचा चहा टपऱ्यांवर विकला जातो. पाक तळाला बसतो म्हणून तळाला असतो.

म्हणूनच हे पेय घरी करताना सजावटीपेक्षा वजनाचा हिशेब उपयोगी पडतो. तळाचा थर सर्वांत गोड हवा: आमरसात साखर कमी असेल तर थोडा पाक घालावा. आमरसाला आणखी एक फायदा आहे; त्याच्या दाटपणामुळे चहाची धार आत घुसत नाही. कोकमाचं आगळ वापरायचा मोह होईल, पण आगळात साखर नसते आणि ते पातळही असतं, त्यामुळे चहात लगेच पसरतं. साखरेत मुरवलेलं अमृत कोकम मात्र नीट बसतं. त्यावर पेला काठोकाठ बर्फाने भरायचा, म्हणजे चहाची धार बर्फावर फुटून हळू उतरते. चहा कोरा आणि अगोड हवा, दुपटीने कडक हवा, कारण बर्फ त्याला पातळ करणारच. उकळता चहा थेट फ्रिजमध्ये घातला तर तो गढूळ होतो. चहातलं कॅफिन आणि तुरट द्रव्यं गारव्यात एकमेकांना धरून बसतात. तो आधी ओट्यावर निवू द्यावा, नाहीतर थरांतला वरचा थर दुधाळ दिसतो. लिंबू पिळलं की चहाचा रंग उजळतो, तेव्हा ज्याला गडद पट्टा हवा त्याने लिंबाची चकती नुसती काठावर लावावी. आणि दूध घालायचं नाही. आपल्या चहाच्या सवयीला हे जड जातं, पण आंबट फळापुढे दूध फाटतं. मराठी घरात हे पेय उशिरा आलं त्यामागे हे एक साधं कारण असावं.

राहता राहिला शेवटचा प्रश्न, तो चोखंदळ माणूस विचारतोच: शेवटी ढवळूनच प्यायचं, तर थरांचा खटाटोप कशाला? न ढवळता काठाने प्यायलं तर आधी तुरट चहा येतो. तळात स्ट्रॉ टाकला तर आधी सगळा गोड आंबा संपतो आणि मग फिक्या चहाचा अर्धा पेला उरतो. पण स्ट्रॉ मधोमध धरता येतो, चमचा दोनदाच फिरवता येतो, अर्धा पेला संपल्यावर ढवळता येतं. स्वीट टीच्या भरलेल्या पेल्यात यातलं काहीच जमत नाही, कारण त्याची गोडी भांड्यातच ठरून आलेली असते.